निर्मळ दिसणारें पाणी

आपल्या प्रत्येकाच्या कंपासपेटींत शिसपेन्सिल असते. तिच्या नांवांत शिसें आहे, परंतु पोटांत शिशाचा लवलेशही नाहीं. तेथें आहे ग्राफाइट, म्हणजे कोळशाच्याच कुळांतील कार्बन, व त्यांत कालविलेली चिकणमाती. पूर्वींच्या लोकांनीं त्या काळ्या खनिजास शिशाचाच एक प्रकार मानिलें, आणि नांव जें पडलें तें कायम झालें. नांवांत शिसें असून वस्तूंत नाहीं, ह्यानें कोणाची हानि होत नाहीं. परंतु वस्तूंत शिसें असावें आणि नांवावरून, रूपावरून किंवा चवीवरून त्याचा पत्ताही लागूं नये, अशी स्थिति पिण्याच्या पाण्याच्या बाबतींत उत्पन्न झाली, तर एका संपूर्ण शहराची काय अवस्था होते, ती हकीकत आमच्या वाचकांपुढें मांडण्याचें आम्हीं योजिलें आहे.

शिसें हा मनुष्याच्या फार जुन्या ओळखीचा धातु होय. तो पाण्याच्या अकरापटींहून अधिक जड आहे, नखानें ओरखडा उठावा इतका मऊ आहे, व ३२७ अंश सेल्सिअस उष्णतेस त्याचा रस होतो. आमच्या किनाऱ्यावरील कोळीबांधव पागाच्या कडेस शिशाच्या गोळ्या ओंवतात, तें त्याच्या जडपणासाठीं. छापखान्यांतील अक्षरांचे खिळे शिशाच्या मिश्रधातूचे ओतीत असत, तें तो सहज वितळतो म्हणून. वांकविण्यास सोपा आणि गंजून न जाणारा असा हा धातु पाण्याच्या नळास योग्य, असें प्राचीन रोमन लोकांस वाटलें, ह्यांत नवल नाहीं. लॅटिन भाषेंत शिशास ‘प्लंबम’ म्हणत. नळ दुरुस्त करणाऱ्या कारागिरास आपण ‘प्लंबर’ म्हणतों, तो शब्द त्यावरूनच आलेला आहे. परंतु त्याच रोमन लोकांतील व्हिट्रुव्हियस नांवाच्या स्थापत्यशास्त्रज्ञानें ख्रिस्तपूर्व पहिल्या शतकांत लिहून ठेविलें कीं, शिशाच्या नळापेक्षां मातीच्या नळांतून आलेलें पाणी आरोग्यास अधिक चांगलें. कारण शिशाचें काम करणाऱ्यांचे चेहरे फिकट पडलेले दिसतात. इशारा असा दोन हजार वर्षांचा जुना आहे. तरीही एकोणिसाव्या व विसाव्या शतकांत यूरोप-अमेरिकेंतील पुष्कळ शहरांनीं रस्त्यांतील मोठ्या नळापासून घरापर्यंत पाणी नेण्यास शिशाचेच नळ घातले. अमेरिकेंत अशा नव्या नळांस १९८६ सालीं बंदी झाली, पण जमिनींत पुरलेले जुने नळ तसेच राहिले.

शिसें शरीरांत जाऊन करतें काय, हें प्रथम समजून घेतलें पाहिजे. शिसें शरीरांत कॅल्शियमचें सोंग घेतें. शरीर त्यास ओळखीचा पाहुणा समजून हाडांत व दांतांत जागा देतें, आणि तेथें तें कित्येक वर्षें ठाण मांडून बसतें. गरोदरपणीं मातेच्या हाडांतील कॅल्शियम बाळाकडे जाऊं लागला कीं त्याच्याबरोबर हें सांचलेलें शिसेंही बाहेर पडतें. मोठ्या माणसांत त्यानें रक्तदाब वाढतो व मूत्रपिंडें बिघडतात. परंतु सर्वांत मोठा घात होतो तो लहान मुलांचा. मोठ्या माणसाच्या पोटांत गेलेल्या शिशाचा जेवढा अंश अंगीं लागतो, त्याच्या चार-पांच पट अंश लहान मुलाच्या अंगीं लागतो. वाढत्या मेंदूंत तें शिरलें म्हणजे ग्रहणशक्ति मंदावते, चित्त एकाग्र होत नाहीं, स्वभाव चिडखोर बनतो. आणि एकदां झालेली ही हानि औषधानें भरून निघत नाहीं. अमुक प्रमाणापर्यंत शिसें निर्धोक आहे, अशी कोणतीही मर्यादा ज्ञात नाहीं, असें जागतिक आरोग्य संघटनेचें स्पष्ट सांगणें आहे. तथापि व्यवहारासाठीं कोठें तरी रेषा आंखावी लागते. भारतीय मानकाप्रमाणें पिण्याच्या एक लिटर पाण्यांत ०.०१ मिलिग्रॅमपेक्षां, म्हणजे १० मायक्रोग्रॅमपेक्षां, अधिक शिसें असतां कामा नये. हें प्रमाण एका ग्रॅमचा एक लक्षांश भाग होय. दहा हजार लिटरांचे दहा टँकर भरून पाणी घ्यावें व त्यांत अवघें एक ग्रॅम शिसें विरघळावें, कीं ती मर्यादा गांठली गेली! डोळ्यास किंवा जिभेस हें कळणें शक्य नाहीं.

येथें एक शंका सहज येईल. शिशाचे नळ जर इतक्या शहरांत होते, तर सर्वच शहरें आजारी कां पडलीं नाहींत? ह्याचें उत्तर पाण्याच्या स्वभावांत आहे. कांहीं पाण्यांतील क्षार नळाच्या आंतल्या बाजूस एक पातळ थर धरितात. तो थर म्हणजे पाणी व धातु ह्यांमधला पडदा होय. पाणी आम्ल असलें, मऊ म्हणजे क्षारहीन असलें, किंवा त्यांत मिठाच्या जातीचे क्लोराइड क्षार फार असले, तर तें तो थर धरूं देत नाहीं, आणि असलेला थरही पोखरून काढतें. म्हणून जेथें जुने नळ आहेत तेथें पाण्यांत फॉस्फेट नांवाचें एक द्रव्य अल्प प्रमाणांत घालितात, कीं ज्यायोगें तो पडदा शाबूत राहतो. ही गोष्ट वाचकांनीं ध्यानांत ठेवावी, कारण पुढील सर्व अनर्थ एवढ्याशा गोष्टीच्या विस्मरणानें घडला.

अमेरिकेच्या मिशिगन राज्यांत फ्लिंट नांवाचें शहर आहे; २०१४ च्या सुमारास त्याची वस्ती सुमारें एक लाख होती. जनरल मोटर्स ह्या प्रसिद्ध मोटार कंपनीची स्थापना १९०८ सालीं येथेंच झाली. पुढें कारखाने कमी झाले, लोक गांव सोडून गेले, आणि मागें राहिली ती बहुतांशीं कृष्णवर्णीय व गरीब वस्ती. नगरपालिका कर्जांत बुडाली, तेव्हां २०११ सालीं राज्य सरकारनें तिचा कारभार लोकनियुक्त प्रतिनिधींकडून काढून आपण नेमलेल्या व्यवस्थापकाच्या हातीं दिला. तोंवर शहरास डेट्रॉइटमार्फत ह्यूरन सरोवराचें शुद्ध केलेलें पाणी मिळे. तें महाग पडतें, म्हणून नवी योजना पुरी होईपर्यंत गांवच्याच फ्लिंट नदीचें पाणी वापरावें, असें ठरलें. ता. २५ एप्रिल २०१४ रोजीं अधिकाऱ्यांनीं समारंभपूर्वक कळ दाबून जुनें पाणी बंद केलें, आणि नव्या पाण्याचे पेले उंच धरून एकमेकांचें अभीष्ट चिंतिलें.

नदीच्या पाण्यांत क्लोराइड पुष्कळ होतें, आणि फॉस्फेट घालण्याची व्यवस्था कोणी केलीच नाहीं. डेट्रॉइटच्या पाण्यांत तें होतें. नव्या पाण्यांत तें नव्हतें. ह्या द्रव्यास दिवसाकाठीं शंभरेक डॉलर पुरले असते, असा तज्ज्ञांचा अंदाज आहे. थोड्याच दिवसांत नळांस तांबूस, दुर्गंधीचें पाणी येऊं लागलें. मुलांच्या अंगावर पुरळ उठूं लागला. लोकांनीं बाटल्या भरून सभांत नेल्या व दाखविल्या. अधिकाऱ्यांनीं पाणी पिण्यास योग्य असल्याचें सांगितलें. त्याच वर्षाच्या ऑक्टोबर महिन्यांत जनरल मोटर्सनें आपल्या एंजिनांच्या कारखान्यासाठीं तें पाणी घेण्याचें बंद केलें, कारण एंजिनाचे भाग त्यानें गंजत होते. लोखंडास जें पाणी सोसवेना, तें मुलांनीं मात्र पुढें एक वर्ष प्यावें, ह्याहून शोचनीय गोष्ट कोणती!

हा अंधार फोडला तो कोणा मोठ्या सत्ताधीशानें नव्हे. लीॲन वॉल्टर्स नांवाची चार मुलांची आई होती. तिनें आपल्या घरच्या पाण्याची तपासणी करविली. २०१५ च्या फेब्रुवारींत लिटरमागें १०४ मायक्रोग्रॅम शिसें निघालें, आणि पुढील महिन्यांत ३९७. अमेरिकेंत त्या वेळीं १५ मायक्रोग्रॅमला उपाययोजना करण्याचा दंडक होता. ती स्वस्थ बसली नाहीं. पाण्यासंबंधींचे सरकारी कागद तिनें वाचून काढिले, व नळाचें रक्षण करणारें द्रव्य पाण्यांत घातलेंच जात नाहीं, हें शोधून काढिलें. केंद्रीय पर्यावरण खात्यांतील मिगेल डेल टोरल ह्या अधिकाऱ्यानें जूनमध्यें आपल्या वरिष्ठांस तसें लेखी कळविलें. व्हर्जिनिया टेक विद्यापीठाचे प्राध्यापक मार्क एडवर्ड्स आपल्या विद्यार्थ्यांसह आले. त्यांनीं तपासणीचे सुमारें ३०० संच घरोघरीं वांटले, आणि नागरिकांनीं स्वतः नमुने भरून त्यांतील बहुतेक परत केले. वॉल्टर्स ह्यांच्या घरच्या एका नमुन्यांत १३,२०० मायक्रोग्रॅम शिसें आढळलें. शेवटीं मोना हॅना-अटीशा ह्या बालरोगतज्ज्ञ डॉक्टरीणबाईंनीं रुग्णालयांतील मुलांच्या रक्ततपासणीच्या जुन्या व नव्या नोंदी ताडून पाहिल्या. पांच वर्षांखालील ज्या मुलांच्या रक्तांत शिसें वाढलेलें होतें, त्यांचें प्रमाण शेंकडा २.४ वरून ४.९ वर गेलें होतें. ता. २४ सप्टेंबर २०१५ रोजीं त्यांनीं हें जाहीर केलें. आरंभीं सरकारी प्रवक्त्यांनीं त्यांच्यावर लोकांत घबराट पसरविल्याचा ठपका ठेविला; कांहीं दिवसांतच सरकारी आंकडेही तेंच सांगूं लागले, आणि ता. १६ ऑक्टोबरास शहर पुन्हां जुन्या पाण्यावर आलें.

आमच्या मतें ह्या प्रकरणाचें मर्म एका लहानशा तपशिलांत आहे. सरकारी तपासणीसाठीं नागरिकांस नमुन्याची बाटली देत, तेव्हां अशी सूचना असे कीं, आदल्या रात्रीं नळ कांहीं वेळ सोडून ठेवावा. रात्रभर नळांत उभें राहिलेल्या पाण्यांत शिसें अधिक उतरतें. नळ आधींच वाहवून घेतला, म्हणजे सांचलेलें शिसें धुऊन जातें व नमुना चांगला निघतो. मोजमाप झालें, आंकडाही मिळाला. परंतु मोजण्याची रीतच सत्य लपविणारी होती. न मोजणें हें अज्ञान होय. पण आपणांस हवें तेंच उत्तर यावें अशा रीतीनें मोजणें, हें असत्य होय. प्रयोगशाळेंत उत्तर आधीं पाहून मग निरीक्षणें लिहिणारा विद्यार्थी तेंच पाप लहान प्रमाणावर करीत असतो.

परिणाम काय झाले तेंही पाहावें. २०१६ च्या जानेवारींत प्रथम राज्यानें व मग केंद्र सरकारनें तेथें आणीबाणी जाहीर केली. लोक रांगा लावून बाटल्यांतील पाणी नेऊं लागले. आंघोळ व स्वयंपाक बाटलीच्या पाण्यानें होऊं लागला. त्याच काळांत लीजनेअर नांवाच्या फुफ्फुसाच्या रोगानें सुमारें नव्वद माणसें आजारी पडलीं व बारा दगावलीं. त्याचाही संबंध ह्या पाण्याशीं जोडला गेला. शहरांतील धर्मोपदेशकांची एक संस्था व इतर नागरिक न्यायालयांत गेले, आणि २०१७ सालीं झालेल्या समेटान्वयें शिशाचे नळ उपटून काढण्याचें काम सरकारवर बंधनकारक झालें. सुमारें ११,००० नळ बदलून तें काम पुरें झाल्याचें २०२५ च्या जुलैंत जाहीर झालें. २०२१ च्या नोव्हेंबरांत न्यायालयानें ६२ कोटि ६० लाख डॉलरांची भरपाई मान्य केली. तिचा मोठा हिस्सा, त्या वेळीं जे अल्पवयी होते त्यांच्या वांट्यास ठेविला. अधिकाऱ्यांवरील फौजदारी खटले मात्र कायद्याच्या अडचणींत सांपडून निकालांत निघाले. बचत करावयाची होती ती कांहीं दशलक्ष डॉलरांची! आणि पैशानें न भरून येणारी अशी आणखी एक हानि झाली: पाण्याच्या तपासण्या चांगल्या येऊं लागल्या, तरी कित्येक कुटुंबें नळाचें पाणी तोंडीं लावीनात. नळ बदलतां येतो. विश्वास इतक्या सहज बदलून बसवितां येत नाहीं.

आतां कोणी म्हणेल, सातासमुद्रांपलीकडील ह्या गोष्टीशीं आम्हां रत्नागिरीकरांचा संबंध काय? आपल्याकडे पाण्याच्या दोषाची आपणांस चांगलीच ओळख आहे. २०१२ सालच्या उन्हाळ्यांत इचलकरंजी शहरांत दूषित पाण्यावाटे काविळीची मोठी सांथ आली. परंतु जंतूंचा रोग आपलें येणें जाहीर करितो. डोळे पिवळे होतात, ताप येतो, लोक धांवाधांव करितात. शिशाचें तसें नाहीं. मूल अभ्यासांत मागें पडतें, आणि आपण त्यास आळशी म्हणून मोकळे होतों. शिवाय पाणी उकळलें म्हणजे जंतु मरतात, हा आपला घरोघरींचा व अगदीं योग्य उपाय. पण शिशापुढें तो चालत नाहीं. उकळण्यानें पाणी आटतें, शिसें मात्र जेवढें होतें तेवढेंच राहतें, म्हणजे उलट प्रमाण वाढतें. फडक्यानें गाळूनही तें जात नाहीं.

आमच्या भूमीचा स्वभावही विचारांत घ्यावा. येथें वर्षास तीन हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो, आणि तें पाणी जांभ्यांतून झिरपून विहिरींत येतें. घाटावरील कित्येक विहिरींचें पाणी जड असतें, त्यांत साबणास फेंस येत नाहीं. आमचें पाणी मऊ व पुष्कळदां किंचित् आम्ल असतें. डाळ त्यांत लवकर शिजते, पण धातूस तेंच पाणी चावतें. गांवास भिवविण्याचा आमचा हेतु नाहीं; धातूच्या नळांची व जोडांची निगा कोंकणांत विशेष राखली पाहिजे, एवढेंच आमचें सांगणें आहे. तसेंच शिसें पाण्यांतूनच येतें असेंही नाहीं. पितळेच्या भांड्यांस कल्हई करितांना भाता, नवसागर व कथिलाची कांडी लागते, हें आपण लहानपणापासून पाहतों. कथील महाग म्हणून त्यांत कोणी स्वस्त शिसें मिसळलें, तर चिंचेची आमटी, ताक किंवा आमसुलाचें सार त्या भांड्यांत ठेवितांच आंबटपणानें तें विरघळूं लागतें. शुद्ध कथिलाची कांडी वांकविली असतां करकर असा आवाज निघतो, ही जुन्या कारागिरांची खूण अजूनही उपयोगी आहे. भांड्यास लाविलेला डाखही बहुधा शिसें-कथिलाचाच असतो.

समाधानाची गोष्ट ही कीं, मोजणाऱ्यांच्या चिकाटीनें आपल्या देशांतही कांहीं पावलें पडलीं आहेत. २००० सालीं पेट्रोलांतील शिसें बंद झालें. २०१६ च्या नियमांनीं घरगुती रंगांतील शिशास मर्यादा घातली. आणि प्लॅस्टिकचे पी. व्ही. सी. नळ तयार करितांना त्यांत शिशाचीं संयुगें घालीत असत, त्यांस आळा घालणारे नियम २०२१ सालीं झाले. परंतु नियम कागदावर होतो आणि नळ भिंतींत असतो. दोहोंची गांठ घालून देणें हें नागरिकाचें काम आहे.

म्हणून आमच्या विद्यार्थिमित्रांस व त्यांच्या पालकांस एक लहानसा उद्योग सुचवितों. सुटींत आपल्या घरचा नळ टांकीपासून तोटीपर्यंत पाहावा. तो लोखंडी आहे, पितळी आहे कीं प्लॅस्टिकचा, व केव्हां बसविला, हें वहींत लिहावें. जुन्या करड्या धातूवर नाण्यानें ओरखडा काढिला असतां तो चांदीसारखा चकाकला आणि लोहचुंबक त्यास चिकटला नाहीं, तर शिशाचा संशय घ्यावा व जाणत्या माणसास दाखवावें. रात्रभर नळांत राहिलेलें पहिलें पाणी पिण्यास किंवा स्वयंपाकास घेऊं नये. आपल्याकडे वैशाखांत पाण्याची किती ओढ असते हें जाणून तें धुण्याभांड्यांस वापरावें. परंतु तपासणीसाठीं नमुना भरावयाचा झाला, तर तो नेमका त्याच पहिल्या पाण्याचा भरावा, व शिशाची तपासणी करणाऱ्या प्रयोगशाळेकडे पाठवावा. आलेला आंकडा चांगला असो वा वाईट, तो शेजाऱ्यास सांगावा. वाईट असल्यास नगरपरिषदेस लेखी कळवावा, आणि उत्तर येईपर्यंत विचारीत राहावें.

मिसर देशांतून निघालेले इस्राएल लोक अरण्यांत चालत असतां मारा येथें त्यांस पाणी लागलें, पण तें कडू होतें, म्हणून त्यांनीं मोशेपाशीं कुरकुर केली, ही कथा आमच्या वर्गांत सर्वांनीं ऐकिलेली आहे. त्या लोकांचें एक भाग्य होतें: त्यांचें पाणी कडू होतें, म्हणून तें ओळखूं आलें. शिशाचें पाणी कडू लागत नाहीं. त्याची तक्रार जीभ करीत नाहीं, डोळा करीत नाहीं, आणि ज्या बालकाचें नुकसान होतें त्यास तर ती करितांच येत नाहीं. त्याच्या वतीनें ती दुसऱ्या कोणी तरी केली पाहिजे. फ्लिंटमध्यें ती एका आईनें, एका डॉक्टरीणबाईनें व बाटल्या भरणाऱ्या साध्या नागरिकांनीं केली. आमच्या शाळेंतून बाहेर पडणारा प्रत्येक विद्यार्थी मोठा शास्त्रज्ञ होईल असें नाहीं. पण प्रामाणिकपणें मोजणें व जें निघालें तें न भितां सांगणें, एवढें तरी प्रत्येकास साधतां येईल, अशी आम्हांस आशा आहे.